६८, बीडन स्ट्रीटचा पोटभाडेकरू

भारतीय सिनेमाच्या जन्माची गोष्ट आपल्याला तोंडपाठ असते. फाळक्यांनी विमा पॉलिसी गहाण टाकली, सरस्वतीबाईंनी दागिने काढून दिले, दादरच्या घराचा स्टुडिओ झाला आणि ३ मे १९१३ ला गिरगावातल्या कोरोनेशनमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लागला. हीच गोष्ट कोलकात्यात एखाद्या जुन्या नाटकवेड्या माणसाला सांगून पाहा. तो ऐकून घेईल, चहा संपवेल आणि मग विचारेल, “बरं. आणि हिरालाल सेन?”

प्रश्न खवचट असला तरी चुकीचा नाही. हिरालाल सेनकडे १८९८ मध्ये कॅमेरा होता. १९०१ पर्यंत त्याने बंगाली रंगभूमीवरच्या गाजलेल्या नाटकांचे प्रवेश फिल्मवर घेतले होते. समोर शिकलेल्या, कसलेल्या नट्या उभ्या होत्या. प्रेक्षकही शोधायचा नव्हता, तो रोज संध्याकाळी आपणहून येऊन बसायचा. फाळक्यांना यातलं जवळपास सगळं शून्यातून उभं करावं लागलं. असं असताना जनकपदाचा मान नाशिककडे आला आणि हिरालाल आपल्याकडच्या सिनेमाच्या पुस्तकांत एखाद्या तळटीपेत सापडतो.

याचं उत्तर देताना बंगाली मंडळी मुंबईच्या दादागिरीकडे बोट दाखवतात आणि आपली मंडळी फाळक्यांच्या जिद्दीकडे. मला दोन्ही उत्तरं अपुरी वाटतात. हे प्रकरण माणसांपेक्षा एका इमारतीच्या अंगाने बघितलं तर जास्त उलगडतं. ती इमारत म्हणजे उत्तर कलकत्त्यातलं ६८, बीडन स्ट्रीट.

घराचा इतिहास

१८८३ मध्ये या जागेवर स्टार थिएटर उभं राहिलं. पैसा गुर्मुख राय या तरुण मारवाडी व्यापाऱ्याचा, नाटकं आणि तालीम गिरीशचंद्र घोषांची, आणि ज्या नटीसाठी हा पैसा आला ती बिनोदिनी दासी. थिएटरला तिचं नाव द्यायचं ठरलं होतं असं तिने आत्मचरित्रात लिहिलंय. नोंदणी करायची वेळ आली तेव्हा नाव लागलं ‘स्टार’. वेश्यावस्तीतून आलेल्या बाईचं नाव दारावर लावलं तर भद्र लोक आत पाऊल टाकणार नाहीत, हा हिशेब. पुढे याच रंगमंचावर २१ सप्टेंबर १८८४ ला रामकृष्ण परमहंस ‘चैतन्यलीला’ बघायला आले आणि चैतन्याची भूमिका करणाऱ्या बिनोदिनीला त्यांनी आशीर्वाद दिला. त्या एका भेटीने बंगाली थिएटरला जी प्रतिष्ठा मिळाली ती दहा परीक्षणांनी मिळाली नसती.

१८८६ मध्ये इथेच गिरीशचंद्रांचं ‘बिल्वमंगल ठाकूर’ आलं. हे नाव लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

वर्षभरात गोपाललाल शील या धनाढ्य माणसाने जागा विकत घेतली आणि इमारतीचं नाव एमेराल्ड झालं. स्टारची मंडळी आपलं नाव बरोबर घेऊन हातीबागानला गेली. १८९७ मध्ये एमेराल्डची वास्तू एका एकवीस वर्षांच्या मुलाने भाड्याने घेतली आणि तिला क्लासिक थिएटर म्हणायला लागला. त्याचं नाव अमरेंद्रनाथ दत्त.

अमरेंद्रनाथ खानदानी श्रीमंत घरातला, देखणा, स्वतः नायकाची कामं करणारा आणि जाहिरातबाजीत त्या काळाच्या फार पुढे. पुढे त्याने ‘रंगालय’ नावाचं पत्रही चालवलं. त्याच्या क्लासिकमध्ये पहिल्याच वर्षी क्षीरोदप्रसाद विद्याविनोदांचं ‘अलीबाबा’ लागलं आणि कलकत्ता वेडं झालं. मर्जिनाच्या भूमिकेत कुसुमकुमारी, अब्दल्लाच्या भूमिकेत नृपेंद्रचंद्र बसू. नाटकातली नाचगाणी गल्लीबोळांत पोचली. नाटक म्हणजे गिरीशबाबूंचं धीरगंभीर भक्तिरसाचं नाटक, ही समजूत ‘अलीबाबा’ने मोडली.

या घरात पुढच्या काही वर्षांत बायोस्कोप राहायला आला. अमरेंद्रनाथ मुळात भाडेकरू, म्हणजे हिरालाल पोटभाडेकरू. हा शब्द मी गंमत म्हणून वापरत नाही. सगळं प्रकरण या एका नात्यात आहे.

स्टीव्हन्सनचा कॅमेरा

हिरालाल ढाक्याजवळच्या माणिकगंज भागातल्या बगजुरीचा. घराणं जमीनदारीचं, वडील वकील. मुलगा फोटोग्राफीत रमलेला आणि त्या कलेत बक्षिसं मिळवलेला.

१८९८ मध्ये स्टीव्हन्सन नावाचा एक गोरा खेळवाला कलकत्त्यात आला. स्वतःच्या नावामागे ‘प्रोफेसर’ लावायची त्या काळच्या जादूगार-खेळवाल्यांची पद्धत होती, तशी यानेही लावली होती. हातीबागानला गेलेल्या स्टार थिएटरमध्ये ‘द फ्लॉवर ऑफ पर्शिया’ हा नाच-गाण्यांचा खेळ चालू होता आणि त्याला जोडून स्टीव्हन्सन आपली हलती चित्रं दाखवत असे. हिरालालने ती पाहिली, स्टीव्हन्सनचाच कॅमेरा वापरायला मिळवला आणि पहिलं चित्रण कशाचं केलं? त्याच ‘फ्लॉवर ऑफ पर्शिया’मधल्या नाचाचं.

इथे थोडं थांबावंसं वाटतं. जवळपास त्याच काळात मुंबईत सावेदादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, यांनी विलायतेहून कॅमेरा मागवला होता. त्यांनी १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधली कुस्ती टिपली आणि पुढे रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हाचं स्वागत टिपलं. म्हणजे मुंबईच्या माणसाने कॅमेरा हातात आल्यावर तो आखाड्याकडे आणि बंदराकडे वळवला, कलकत्त्याच्या माणसाने रंगमंचाकडे. यात कोणाची प्रतिभा मोठी हा वाद नाही. कलकत्त्यात हलतं चित्र पहिल्यांदा भेटलं तेच नाटकगृहात, नाटकाच्या शेजारी. समोर रोज रात्री पौराणिक राजे, नाचणाऱ्या पऱ्या आणि रंगवलेले पडदे असताना कॅमेरा दुसरीकडे कशाला बघेल?

१८९८ मध्येच हिरालालने भाऊ मोतीलालला बरोबर घेऊन रॉयल बायोस्कोप कंपनी काढली. यंत्रसामग्री लंडनच्या चार्ल्स अर्बनच्या वॉरविक ट्रेडिंग कंपनीकडून आली. कंपनी जमीनदारांच्या वाड्यांवर, लग्नसमारंभांत खेळ करत फिरायची आणि कलकत्त्यात असली की थिएटरांत.

क्लासिकमधली एक रात्र

तेव्हाच्या बंगाली थिएटरचा एक ‘खेळ’ म्हणजे आजच्यासारखं अडीच तासांचं एक नाटक नव्हे. आधी मोठं नाटक, मग प्रहसन, मग नाचगाण्यांचा तुकडा, असं भरगच्च ताट असे. प्रेक्षक संध्याकाळी जेवून निघायचा आणि परत यायला मध्यरात्र उलटून जायची. आपल्याकडेही संगीत नाटकं पहाटेपर्यंत रंगायची, तेव्हा मराठी वाचकाला हे वेगळं सांगायला नको. अशा ताटात बायोस्कोप आला तो कोशिंबिरीसारखा. हँडबिलावर वर मोठ्या टायपात नाटक, खाली त्याच्या जोडीला ‘रॉयल बायोस्कोप’.

पडदा पडला की विंगेत गडबड उडायची ती मी डोळ्यांसमोर आणू शकतो, कारण पडद्यामागची गडबड कुठल्याही शहरात सारखीच असते. एकीकडे नट चेहरा पुसतायत, दुसरीकडे कोणी पांढरं कापड ताणून बांधतंय, सुरकुती राहिली म्हणून शिव्या खातंय. प्रक्षेपणासाठी वीज सगळीकडे नव्हती. तिथे लाइमलाइट लागायचा: चुन्याचा एक छोटा दंडगोल, त्यावर प्राणवायू आणि हायड्रोजनची प्रखर ज्योत, आणि तापून पांढराशुभ्र झालेल्या चुन्याचा उजेड भिंगातून पडद्यावर. वायू रबरी पिशवीत भरून आणायचा आणि दाब राहावा म्हणून पिशवीवर फळी ठेवून वजनं लादायची. दाब कमी झाला की चित्र काळवंडतं. पिशवी गळाली की खेळच बंद. शिवाय शेजारी नायट्रेटची फिल्म, जी एकदा पेटली की पाण्यालाही दाद देत नाही. एवढं सगळं भरल्या थिएटरात, जिथे कापडी पडदे आणि लाकडी चौकटींशिवाय दुसरं काही नसतं. हे करणाऱ्याला फक्त ‘फोटोग्राफर’ म्हणणं अन्यायाचं आहे. तो एकाच वेळी मिस्त्री, रसायनवाला आणि जुगारी होता.

मग पडद्यावर दिसायचं काय? १९०१ पासून पुढची तीनेक वर्षं क्लासिकच्याच नाटकांचे प्रवेश. ‘भ्रमर’ आणि ‘सीताराम’ बंकिमचंद्रांच्या कादंबऱ्यांवरची. ‘सरला’ तारकनाथ गंगोपाध्यायांच्या ‘स्वर्णलता’वरची. ‘बुद्धदेव’, ‘दोललीला’. ‘हरिराज’, जो बंगाली वेषातला हॅम्लेट होता, आपल्या आगरकरांच्या ‘विकारविलसित’चा लांबचा भाऊ. आणि अर्थातच ‘अलीबाबा’.

प्रेक्षक नुकताच ज्या कुसुमकुमारीला हाडामांसाची पाहून टाळ्या वाजवत होता, तीच आता राखाडी रंगात, आवाजाशिवाय, जरा घाईघाईने नाचताना दिसायची. गाणं ऐकू येत नसलं तरी बहुतेकांच्या डोक्यात ते वाजत असणार, कारण शब्द त्यांना पाठ होते. या प्रेक्षकाला मधूनमधून मजकूर दाखवणाऱ्या पाट्यांची गरज नव्हती, कथा समजावून द्यायची गरज नव्हती. हिरालालच्या फिल्मचा अर्धा भाग प्रेक्षकाच्या आठवणीत आधीच छापलेला होता.

आणि माझ्या मते गोम इथेच आहे. ‘भ्रमर’ पाहिलेल्याला ‘भ्रमर’चा एक प्रवेश पुरतो. न पाहिलेल्याला त्यात एक बाई हातवारे करताना दिसते, बस्स.

दिवसाउजेडीचं नाटक

चित्रण कसं होत असेल याचा तांत्रिक बाजूने विचार केला तर एक मजेशीर उलटापालट दिसते. त्या काळची फिल्म इतकी मंद होती की रात्रीच्या रंगमंचावरचा उजेड तिला पुरत नसे. नाटक टिपायचं तर नटांनी भर दुपारी उन्हात पोशाख चढवून यायचं, आणि दिव्यांच्या पिवळट उजेडासाठी केलेली रंगरंगोटी सूर्यासमोर उघडी पाडायची. रात्री जे भव्य दिसतं ते दुपारी पुठ्ठ्याचं दिसतं. ज्याने हौशी नाट्यस्पर्धेत दिवसा रंगीत तालीम केलीय त्याला हा अनुभव असतो.

कॅमेऱ्याचा दांडा सेकंदाला दोन फेऱ्या असा हाताने फिरवायचा, एका फेरीत आठ चौकटी. हात एकसारखा चालला पाहिजे. नाचाच्या ठेक्याबरोबर हात नाचायला लागला तर पडद्यावर नटी लंगडते. आणि कॅमेरा एकाच जागी उभा, मधल्या रांगेतल्या उत्तम खुर्चीत बसलेल्या रसिकासारखा. डोक्यापासून पायांपर्यंत सगळं दिसलं पाहिजे, कारण प्रेक्षकाने पैसे पूर्ण नटीचे दिले आहेत, अर्ध्या चेहऱ्याचे नव्हे. चेहऱ्याजवळ जायचं, प्रवेशाच्या मध्येच जागा बदलायची, ही गरज नाटकवाल्याला वाटत नाही. त्याची जागा बदलते ती अंक बदलल्यावर.

या मुद्द्यावर आपल्याकडेही एक जुना खटला पडून आहे. दादासाहेब तोरणे यांनी रामराव कीर्तिकरांच्या नाटकाचं चित्रण करून ‘श्री पुंडलिक’ केला आणि तो १८ मे १९१२ ला, म्हणजे हरिश्चंद्राच्या वर्षभर आधी, कोरोनेशनमध्येच लागला. तरी पहिलेपणाचा मान त्याला मिळत नाही. युक्तिवाद हाच, की कॅमेरा नाटकासमोर ठेवून दांडा फिरवला तर ते नाटकाचं छायाचित्र झालं, सिनेमा नाही. हा निकष तोरण्यांना लावायचा तर हिरालाललाही लावावा लागतो. १९०३ मध्ये त्याने ‘अलीबाबा’ संपूर्ण टिपला असं बंगाली इतिहासकार सांगतात. काही अभ्यासकांच्या मते तो लोकांना दाखवलाच गेला नसावा. दोन्ही बाजूंनी बरीच शाई सांडली आहे. मला त्या लांबीच्या वादात रस कमी आहे. क्लासिकमध्ये रोज खरा ‘अलीबाबा’ चालू असताना, गाण्यांसकट आणि रंगांसकट, त्याची मुकी करडी नक्कल पूर्णच्या पूर्ण कोण बसून बघणार होतं? घरमालकाच्या दुकानासमोर पोटभाडेकरूने तोच माल मांडण्यासारखं ते झालं असतं.

नट्यांचा प्रश्न

आता या घराने दिलेली सर्वांत मोठी देणगी.

फाळक्यांना तारामतीसाठी बाई मिळाली नाही हे सर्वांना माहीत आहे. जाहिरात दिली, मुंबईच्या वेश्यावस्तीत जाऊन विचारलं, तिथूनही नकार आला, आणि शेवटी एका उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. १९१३ मध्येच ‘मोहिनी भस्मासुर’साठी दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई आल्या, पण तोवर पहिल्या चित्रपटावर साळुंक्यांचा शिक्का बसला होता. आपल्या रंगभूमीवर बालगंधर्वांनी स्त्रीभूमिका इतक्या उंचीला नेली होती की बाईची उणीव कुणाला फारशी टोचतच नव्हती.

बंगालमध्ये हा प्रश्न चाळीस वर्षं आधी सुटला होता, आणि फुकट सुटला नव्हता. १८७३ मध्ये बेंगॉल थिएटरने मायकेल मधुसूदन दत्तांचा सल्ला मानून चार स्त्रियांना मंचावर आणलं. त्या वेश्यावस्तीतून आलेल्या. त्यावरून विद्यासागरांसारखा विधवाविवाहासाठी झगडलेला माणूस त्या थिएटरच्या समितीतून बाहेर पडला. पण बायका टिकल्या. बिनोदिनी, तारासुंदरी, तिनकडी, कुसुमकुमारी, अशी पिढ्यांची रांग लागली. त्यांना वाचायला शिकवलं गेलं, उच्चार, चाल, नाच, गाणं सगळं घटवून घेतलं गेलं. हिरालालने कॅमेरा उघडला तेव्हा समोर तीस वर्षांचं हे भांडवल उभं होतं.

म्हणजे मुंबईत १९१२ मध्ये ज्या वस्तीतल्या बाईने फाळक्यांना नकार दिला, कलकत्त्यात त्याच प्रकारच्या वस्तीतून आलेली बाई दहा वर्षं आधी कॅमेऱ्यासमोर नाचून गेली होती आणि तिची प्रसिद्धी हँडबिलावर छापली जात होती. फरक धैर्याचा नव्हता. कलकत्त्याच्या बाईच्या मागे एक थिएटर होतं, पगार होता, तालीममास्तर होता. मुंबईच्या बाईला एक अनोळखी माणूस एक अनोळखी यंत्र दाखवत होता. तिने नकार दिला यात नवल काहीच नाही.

तिकीट कुणाचं?

इतकं सगळं मिळाल्यावर हिरालालकडे नव्हतं ते काय? स्वतःची तिकीटबारी.

क्लासिकच्या खिडकीवर रांगेत उभा राहणारा माणूस अमरेंद्रनाथसाठी पैसे देत होता. बायोस्कोप वरकड. क्लासिक चाललं तोवर पोटभाडेकरूही सुखात राहिला. शतकाच्या पहिल्या दशकाच्या मध्यावर अमरेंद्रनाथचे हिशेब कोलमडले, क्लासिक बुडालं आणि बायोस्कोपवाल्याच्या डोक्यावरचं छप्पर गेलं. नवीन नाटकं मिळणं बंद, म्हणजे नवीन फिल्मचा मुख्य झरा आटला.

हिरालाल तेवढ्यावर थांबला नाही. जबाकुसुम तेलाची आणि बटकृष्ण पाल यांच्या एडवर्ड्स टॉनिकची जाहिरातपटं त्याने केली, देशातल्या पहिल्यांपैकी. वंगभंगाविरुद्ध २२ सप्टेंबर १९०५ ला टाउन हॉलवर झालेली प्रचंड सभा टिपली. १९११ चा दिल्ली दरबारही टिपला. टाउन हॉलची फिल्म मला त्याच्या सगळ्या कामांत महत्त्वाची वाटते, कारण तिथे कॅमेरा अशा गर्दीकडे वळला जी कुणी तालीम करून बसवली नव्हती. त्या दिशेने तो आणखी गेला असता तर? पण फिल्म दाखवायला कायमची जागा नाही, आणि भावाशी धंद्यात पटेना. १९१३ मध्ये, फाळक्यांच्या वर्षीच, रॉयल बायोस्कोपचा कारभार आटोपला.

ऑक्टोबर १९१७ मध्ये गोदामाला आग लागली आणि रॉयल बायोस्कोपची सगळी फिल्म जळाली. कर्करोगाने अंथरुणाला खिळलेला हिरालाल त्यानंतर काही दिवसांत गेला.

जो घरमालक झाला

या प्रकरणातला दुसरा माणूस मुंबईचा आहे. जमशेदजी फ्रामजी मदन, पारशी, लहानपणी एल्फिन्स्टन नाटक मंडळीत पडेल ते काम करणारा पोऱ्या. नाटकाच्या वेडाइतकंच त्याला धंद्याचं अंग होतं. कलकत्त्यात त्याने सैन्याला माल पुरवण्यापासून दारूच्या दुकानापर्यंत बरंच काही केलं आणि कोरिंथियन हे नाटकगृह घेतलं. १९०२ मध्ये त्याने कलकत्त्याच्या मैदानात तंबू ठोकून बायोस्कोप सुरू केला.

तंबू ही गोष्ट साधी दिसते. पण तंबूत येणारा माणूस नाटक बघायला आलेला नसतो. तो हलत्या चित्रासाठीच पैसे मोजतो. क्लासिकच्या श्रीमंत छपरापेक्षा मैदानातला कापडी तंबू बायोस्कोपला जास्त मानवला तो यामुळे. १९०७ मध्ये मदनने एल्फिन्स्टन पिक्चर पॅलेस हे पक्कं चित्रपटगृह उघडलं. पुढे एकामागून एक घरं घेत १९२० च्या दशकात हिंदुस्थान, ब्रह्मदेश आणि सिलोनमध्ये मिळून मदन थिएटर्सच्या हाताखाली सव्वाशेच्या आसपास चित्रपटगृहं होती.

गंमत अशी की मदन नाटक सोडून गेलाच नाही. त्याच्या चित्रपटांचे नट, पडदे, कथा, अभिनयाची ढब, सगळं पारशी रंगभूमीचं. नर्तिका पेशन्स कूपर आली तीही बँडमनच्या संगीत नाटक मंडळीतून. म्हणजे नाट्यप्रभाव हिरालालपेक्षा मदनमध्ये तसूभरही कमी नव्हता. फक्त नातं उलटं झालं होतं. इथे बायोस्कोप घरमालक होता आणि नाटक भाड्याने येत होतं.

नोव्हेंबर १९१९ मध्ये कॉर्नवॉलिस थिएटरमध्ये मदनचा ‘बिल्वमंगल’ लागला. बंगालीतला पहिला पूर्ण लांबीचा कथापट म्हणून याचं नाव घेतात. दिग्दर्शक रुस्तमजी धोतीवाला पारशी, कथा लिहिणारे चांपशी उदेशी गुजराती, नायिका मिस गोहर. ‘बंगाली’ म्हणावं असं त्यात पाट्या आणि प्रेक्षक. मूकपटाला भाषा तेवढीच असते. पण कथा मात्र खास बंगाली मनातली: वेश्या चिंतामणीच्या ओढीने पुराच्या पाण्यात प्रेताला ओंडका समजून धरणारा, सापाला दोरी समजून भिंत चढणारा आणि मग तिच्याच एका टोमण्याने देवाकडे वळणारा बिल्वमंगल. ही कथा बंगाली घराघरात पोचवली ती गिरीशचंद्रांच्या नाटकाने, १८८६ मध्ये, ६८, बीडन स्ट्रीटवर. तेव्हा चिंतामणी होती बिनोदिनी.

लांबी १२,००० फूट. सेकंदाला सोळा चौकटी धरल्या तर एका सेकंदाला एक फूट फिल्म सरकते, म्हणजे जवळपास तीन तास वीस मिनिटं. ‘राजा हरिश्चंद्र’ ३,७०० फुटांचा होता. मदनच्या प्रेक्षकाला अख्ख्या नाटकाएवढा खेळ हवा होता आणि तो त्याला दिला गेला.

यानंतर बंगाली भद्रलोकही या धंद्यात आला. धीरेंद्रनाथ गांगुलींनी १९२१ च्या ‘बिलात फेरत’मध्ये विलायतेहून परतलेल्या बाबूची टर उडवली. कॉलेजातली प्राध्यापकी सोडून मदनच्याच रंगमंचावर आलेल्या शिशिरकुमार भादुडींनी वर्षभरात ताजमहल फिल्म कंपनीसाठी शरच्चंद्रांच्या कथेवर ‘आँधारे आलो’ केला. पण शिशिरबाबूंचा जीव रंगमंचात. १९२४ मध्ये ‘सीता’ घेऊन ते नाटकाकडे परत गेले. कुठल्या जागी? तीच जुनी इमारत, आता मनमोहन नावाची. स्टार, एमेराल्ड, क्लासिक, कोहिनूर, मनमोहन, अशी पाच नावं अंगावर घेतलेलं ते घर पुढे चित्तरंजन ॲव्हेन्यूचा रस्ता नेताना पाडलं गेलं.

पुण्यात आलेला डबा

२०१६ मध्ये पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने पॅरिसच्या सिनेमातेक फ्रान्सेजकडून ‘बिल्वमंगल’चा उरलेला भाग मिळवला. ५९४ मीटर, म्हणजे मूळ लांबीचा साधारण सहावा हिस्सा, अर्ध्या तासाचा ऐवज. कलकत्त्यात तयार झालेला बंगाली मूकपट पॅरिसमध्ये टिकला आणि लॉ कॉलेज रोडवर येऊन पोचला.

हा व्यवहार पैशांत झाला नाही, अदलाबदलीत झाला. पुण्याने बदल्यात पॅरिसला कालीपद दासांच्या १९३१ च्या ‘जमाई बाबू’ची डिजिटल प्रत दिली. बंगाली मूकपटांपैकी जवळपास पूर्ण अवस्थेत हाती राहिलेला हा एक छोटा विनोदी चित्रपट. त्यात पुराण नाही, रंगवलेला पडदा नाही, मर्जिनाचा नाच नाही. खेड्यातला एक जावई सासुरवाडीला म्हणून कलकत्त्यात येतो आणि रस्ता चुकतो. कॅमेरा त्याच्या मागोमाग शहरभर हिंडत राहतो.